डायल-फ्लो रेग्युलेटर पाच महिने वापरल्यावर: आकडा 125, थेंब 30

आधी तक्रार. हा रेग्युलेटर म्हणजे सलाईनच्या नळीवरची, तासाला किती मिली जावं ते लावायची डायल. 500 मिलीची आरएल (रिंगर लॅक्टेट सलाईन), डायल 125 वर, म्हणजे तासाला 125 मिली. चार तासांत संपायला हवी, लागले साडेपाच. ठाण्याच्या आमच्या नर्सिंग होममध्ये असे तीन पीस निघाले, तेव्हा अख्खा बॉक्स डीलरकडे परत पाठवायचं ठरलं होतं.

परत पाठवण्याआधी घड्याळ लावून थेंब मोजले. सेट, म्हणजे सलाईनची नळी, 20 थेंबांचा, म्हणजे 20 थेंबांचा 1 मिली. अशा सेटवर ताशी मिलीला 3 ने भागलं की मिनिटाचे थेंब मिळतात: 125 भागिले 3, म्हणजे 42. चेंबरमध्ये पडत होते 30, म्हणजे तासाला 90 मिली. साडेपाच तासांचा हिशेब तिथेच लागला. मग स्टँडचा रॉड वर ओढला, डायलला हात न लावता. थेंब 41 झाले.

म्हणून पीस खराब आहे हे मत मागे घेतो. पण राग गेलेला नाही. बॉटल शिरेपासून किती वर हवी, हे रॅपरवर मुंगीच्या पायाएवढ्या इंग्रजी अक्षरांत छापलंय, आणि रॅपर जातो कचऱ्यात. डायल काहीच मोजत नाही, फक्त वाट अरुंद करते. आकडा खरा ठरतो तो ठरलेल्या उंचीला, पाण्यासारख्या पातळ द्रवाला. कॉट वर केली आणि स्टँड तसाच राहिला, की फ्लो मंदावतो. घोडबंदर रोडला घरी सलाईन लावतात तिथे बॉटल खिडकीच्या ग्रिलला बँडेजने बांधलेली, हातापासून जेमतेम दोन वीत वर. तिथे 125 च्या आकड्यावर विसंबू नका. उलट हात कॉटखाली लोंबला की फ्लो वाढतो. हृदय किंवा किडनी कमजोर असेल तर जादा पाणी फुप्फुसात साठून दम लागतो. पोटॅशियम घातलेली बॉटल या डायलवर चालवूच नका, त्याला मोजून सोडणारा इन्फ्युजन पंपच हवा.

डायल लावली की सेटचा रोलर (नळी दाबून थेंब कमी-जास्त करणारं चाक) पूर्ण उघडा हवा. बॉटल बदलताना तो अर्धवट राहतो आणि दोष डायलला लागतो. कडक बॉटलला सेटचा एअर व्हेंट (बॉटलमध्ये हवा जाऊ देणारं छिद्र) उघडलाय ना, तेही बघा. कोपर दुमडलं तरी थेंब थांबतात.

सेटची कंपनी बदलली तर थेंबांचा आकडा आधी वाचा. 15 थेंबांच्या सेटवर तेच 42 थेंब म्हणजे तासाला 168 मिली, चार तासांची बॉटल तीन तासांत रिकामी. मायक्रो सेटला 60 थेंबांचा मिली, त्यामुळे ताशी 30 मिली म्हणजे मिनिटाला 30 थेंब, हिशेबच नको. मोजताना पूर्ण मिनिट मोजा. 15 सेकंद मोजून चारने गुणताना एक थेंब चुकला, तर 20 च्या सेटवर तासाला 12 मिलीचा फरक पडतो.

पैसे कुठे वसूल होतात? रात्रभर ताशी 60 मिली चालवायची असेल तिथे. नुसत्या रोलरखाली नळी हळूहळू दबत जाते, 20 वर लावलेले थेंब तासाभरात 14-15 वर येतात. डायलवर सकाळपर्यंत 19-20 टिकले, हे अपेक्षेपेक्षा बरंच चांगलं. दिवसा चार तासांच्या एनएसला (नॉर्मल सलाईन) मात्र साधा सेट पुरतो. बॉटलवर चिकटपट्टी लावून 10 ला 500, 11 ला 375, 12 ला 250 असं लिहिलं, की मावशींनाही लांबून कळतं.

एक दोष अजून खटकतो. या डायलवर ‘ऑफ’ आणि ‘ओपन’ शेजारी-शेजारी आहेत. अर्धवट उजेडात नातेवाईक बंद करायला जातात आणि पूर्ण उघडतात. बंद करायचं तर रोलरनेच करा, असं सांगून ठेवलंय. पुढच्या ऑर्डरला हे दोन्ही लांब असलेला पीस मागितलाय.