गेम बॉयची लिंक केबल : पोकेमॉनची अदलाबदल करण्यासाठी आज घ्यावी का?

निन्टेन्डोच्या गेम बॉयला, म्हणजे हातात धरून खेळायच्या व्हिडिओ गेमच्या यंत्राला, जोडायची लिंक केबल आता जुन्या वस्तूंच्या बाजारातच मिळते. अनेकांना ती यंत्रासोबत फुकट आलेली एक वायर वाटते आणि ते ती डब्याच्या तळाशी टाकून विसरून जातात. ‘पोकेमॉन रेड’ किंवा ‘पोकेमॉन ब्लू’ हा काल्पनिक प्राणी (पोकेमॉन) पकडून लढवण्याचा खेळ पूर्ण खेळायचा असेल, तर मात्र या वायरीवाचून गत्यंतर नाही. म्हणूनच येथे केबलचे आणि तिच्यावर आधारलेल्या अदलाबदलीच्या व्यवस्थेचे परीक्षण एकत्र केले आहे. माझे मत सुरुवातीलाच सांगतो : केबल अवश्य घ्यावी, पण तिच्या दुसऱ्या टोकाला कोण बसणार हे आधी ठरवावे.

पोकेमॉन मालिकेचे जनक सातोशी ताजिरी लहानपणी टोकियोजवळच्या माचिदा या उपनगरात किडे पकडत हिंडत असत. गेम बॉयची केबल पाहिल्यावर तिच्यातून एका यंत्रातला किडा सरपटत दुसऱ्या यंत्रात जात असल्याचे चित्र त्यांच्या मनात उभे राहिले. तोवर ही केबल मुख्यतः दोन खेळाडूंना एकमेकांविरुद्ध झुंजवण्यासाठी वापरली जात होती. तिच्यातून काही देता-घेता येईल, ही कल्पना या खेळाच्या मुळाशी आहे. फेब्रुवारी 1996 मध्ये जपानात ‘रेड’ आणि ‘ग्रीन’ अशा दोन आवृत्त्या आल्या, तर सप्टेंबर 1998 मध्ये अमेरिकेत ‘रेड’ आणि ‘ब्लू’ आल्या. एकच खेळ दोन नावांनी विकण्यामागे धंद्याचे गणित नव्हतेच, असे कोणी म्हणणार नाही. तरीही अदलाबदलीला खरा अर्थ या दोन आवृत्त्यांतील फरकामुळेच आला.

पकडायच्या प्राण्यांची संख्या 151 आहे आणि त्यांतील म्यू हा शेवटचा प्राणी गुप्त ठेवलेला आहे. राहिलेले 150 प्राणी एका कॅसेटवर कधीच पूर्ण होत नाहीत, आणि ही अडवणूक जाणीवपूर्वक, अनेक पदरांनी रचलेली आहे. एकान्स, ग्रोलिथ व सायथर फक्त ‘रेड’मध्ये सापडतात, सँडश्रू, व्हल्पिक्स व पिन्सर फक्त ‘ब्लू’मध्ये. सुरुवातीला तिघांपैकी एकच प्राणी मिळतो, पुढे दोन जीवाश्मांपैकी एकच उचलता येतो आणि ज्याची तीन वेगवेगळी रूपे होऊ शकतात तो ईव्ही संपूर्ण खेळात एकदाच हाती येतो. सर्वांत चतुर अट मात्र चार प्राण्यांच्या बाबतीत आहे. कडाब्रा, मॅचोक, ग्रॅव्हलर आणि हॉन्टर हे कितीही लढवले तरी पुढच्या रूपात जात नाहीत. ते केबलीतून दुसऱ्याच्या यंत्रात गेल्यावरच बदलतात. आपल्याच हॉन्टरचा गेंगार व्हावा असे वाटत असेल, तर तो आधी मित्राला द्यावा लागतो आणि मित्र तो परत करील यावर विश्वास ठेवावा लागतो. परत करण्याची सक्ती करणारा एकही नियम खेळात नाही, आणि माझ्या मते संपूर्ण व्यवस्थेचा कस याच जागी लागतो.

प्रत्यक्ष वापर सोपा आहे. दोघांनी यंत्रे केबलने जोडून खेळातील पोकेमॉन सेंटरमध्ये जायचे आणि उजवीकडच्या खिडकीवरील बाईंशी बोलायचे. त्या आधी खेळ सेव्ह करवून घेतात व मगच आत सोडतात. आतल्या खोलीत एका टेबलाच्या दोन बाजूंना दोन खेळाडू बसतात, दोघांकडचे सहा-सहा प्राणी पडद्यावर दिसतात आणि समोरच्याचा प्राणी घेण्यापूर्वी त्याचे गुण तपासता येतात. गैरसोय एवढीच की, सोबत असलेल्या सहा प्राण्यांपैकीच काही देता येते. खेळातील संगणकाच्या पेटीत ठेवलेला प्राणी द्यायचा असेल तर बाहेर येऊन, त्या संगणकावरून तो काढून, पुन्हा सगळे सोपस्कार करावे लागतात. अधिक प्राण्यांची देवघेव करायची असेल तर हा प्रकार लवकरच कंटाळवाणा होतो.

केबलची आतली रचना पाहिली की खेळाचा स्वभाव अधिक उलगडतो. गेम बॉयमध्ये माहिती एका वेळी एक बिट अशी सरकते. एक यंत्र ताल धरते आणि दुसरे त्या तालावर चालते. प्रत्येक ठोक्याला एक बिट इकडून तिकडे जातो आणि त्याच क्षणी एक बिट तिकडून इकडे येतो, त्यामुळे आठ ठोक्यांनंतर दोन्ही यंत्रांनी एकेक बाइट दिलेला असतो आणि एकेक घेतलेला असतो. नुसते देणे या तारेत शक्यच नाही. खेळातही नेमका तोच कायदा आहे : भेट म्हणून प्राणी देता येत नाही, बदल्यात काहीतरी घ्यावेच लागते, मग तो वाटेत पकडलेला साधा रटाटा का असेना. वेग सेकंदाला सुमारे एक किलोबाइट, आणि सोबतच्या एका प्राण्याची नोंद अवघी 44 बाइटांची, नावे वेगळी. सहाही प्राण्यांची माहिती टेबलाशी अदलाबदल सुरू करतानाच दुसऱ्या यंत्रात पोचलेली असते. त्यानंतर केबलीतून सावकाश सरकणारा प्राणी दाखवणारे जे दृश्य दिसते, ते निव्वळ नाटक आहे. पहिल्या काही वेळा ते मन लावून पाहिले जाते. पुढे ते टाळण्याची सोय नाही याचा राग येतो.

मिळालेला प्राणी पूर्णपणे आपला होत नाही, ही योजनाही विचारपूर्वक केलेली आहे. त्याच्यासोबत मूळ मालकाचे नाव आणि क्रमांक राहतो, आणि त्याचे ठेवलेले नाव बदलता येत नाही. लढाईत त्याला दीडपट अनुभव मिळतो, त्यामुळे तो झपाट्याने वाढतो. पण पुरेसे बॅज (खेळातील एकेक गड जिंकल्यावर मिळणारी पदके) नसतील तर मोठ्या लेव्हलचा परका प्राणी सांगितलेले ऐकत नाही. कॅस्केड बॅज मिळाल्यावर तो 30 व्या लेव्हलपर्यंत ऐकतो, रेनबो बॅज मिळाल्यावर 50 व्यापर्यंत. मोठ्या भावाकडून तगडा प्राणी आणून पहिलाच गड जिंकण्याचा मार्ग त्यामुळे बंद होतो. केबलमधून गेंगार होऊन परतलेला आपलाच हॉन्टर मात्र मालकाला बरोबर ओळखतो.

दोष आहेत आणि ते किरकोळ नाहीत. अदलाबदल सेव्ह होत असताना केबल निघाली किंवा पेन्सिल सेल संपले तर प्राणी नाहीसा होऊ शकतो. याच कमकुवतपणाचा फायदा घेऊन नेमक्या क्षणी यंत्र बंद करणारे खेळाडू एकाच प्राण्याच्या दोन प्रती तयार करीत. एखादा दुर्मीळ प्राणी अशा रीतीने शाळाभर पसरू शकला, तर त्याची दुर्मीळता काय उरणार?

1999 मध्ये जपानात आलेल्या ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’ या आवृत्त्यांनी याच केबलला नवे काम दिले. प्राण्याच्या हातात वस्तू देऊन त्याला पाठवता येऊ लागले आणि ऑनिक्सला धातूचे कवच देऊन धाडले की पलीकडे तो स्टीलिक्स होऊन उतरतो. टाइम कॅप्सूल या सोयीमुळे जुन्या ‘रेड’-‘ब्लू’शीही देवघेव होते, अट एवढीच की, प्राणी आणि त्याचे डाव जुन्या खेळाला माहीत असले पाहिजेत. माझ्या दृष्टीने अदलाबदलीची ही सर्वांत समृद्ध अवस्था होय. 2002 च्या ‘रूबी’ आणि ‘सफायर’ने जुन्या कॅसेटींशी नाते तोडले, 2004 च्या ‘फायररेड’ व ‘लीफग्रीन’ने बिनतारी जोडणी आणली, आणि 2006 च्या ‘डायमंड’ व ‘पर्ल’मध्ये इंटरनेटवर अनोळखी माणसांशी सौदे सुरू झाले. तेथे क्षुल्लक प्राणी ठेवून बदल्यात नवव्या लेव्हलच्या आतला म्यूटू मागणारे भेटत, जो प्रामाणिक खेळात असूच शकत नाही. समोरासमोर बसून कोणी तसे मागण्याचे धाडस केले नसते. त्या सेवेचे मूळ सर्व्हर मे 2014 मध्ये बंद झाले. केबलला सर्व्हर लागत नाही.

आपल्याकडे अनेकांनी हे खेळ संगणकावरील इम्युलेटरवर, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या प्रोग्रामवर, एकट्यानेच खेळले आहेत. त्यांचा हॉन्टर शेवटपर्यंत हॉन्टरच राहिला असणार. अशा वाचकांनी एकदा तरी ही अदलाबदल खऱ्या यंत्रांवर करून पाहावी.

खरेदी करताना आधी प्लगचे माप पाहावे. 1989 च्या मूळ गेम बॉयचा सॉकेट मोठा आहे, तर गेम बॉय पॉकेट आणि गेम बॉय कलर या नंतरच्या यंत्रांचा लहान. या दोन मापांना जोडण्यासाठी अडॅप्टर लागतो. कलरची केबल गेम बॉय अडव्हान्समध्ये बसते आणि जुन्या कॅसेटींसाठी चालतेही, पण अडव्हान्सची केबल कलरमध्ये शिरत नाही. जपानी कॅसेट स्वस्त दिसली तरी इंग्रजी कॅसेटशी तिची जोडणी करू नये, कारण सेव्ह बिघडते. सर्वांत निर्धोक संच म्हणजे दोन गेम बॉय कलर, एक केबल आणि इंग्रजी ‘रेड’ व ‘ब्लू’.

कॅसेटमधल्या बटण सेलची चौकशीही करावी. सेव्ह त्याच्यावरच जगते आणि ‘गोल्ड’-‘सिल्व्हर’मध्ये तो घड्याळही चालवीत असल्याने लवकर संपतो. सेल बदलताना सेव्ह पुसली जाते, म्हणून त्याआधी आपले आवडते प्राणी केबलने दुसऱ्या कॅसेटवर हलवून ठेवावेत. त्यासाठी दुसऱ्या कॅसेटवर तितकेच पिजी आणि रटाटा आधी पकडून ठेवावे लागतील, कारण बदल्यात काही घेतल्याशिवाय ही केबल एकही प्राणी पलीकडे नेत नाही.