जॉनीचा गॉब्लिन की शाळामास्तरांचे शिंगरू?

अमेरिकेच्या सुरुवातीच्या काळातील साहसकथा मुलांना द्यायची आणि तिच्यात घोडाही हवा, असे ठरले की इथल्या ग्रंथालयांत दोन जुनी पुस्तके हमखास सुचवली जातात. एक म्हणजे एस्थर फोर्ब्ज यांची १९४३ सालची ‘जॉनी ट्रेमेन’ ही कादंबरी, जिला पुढच्याच वर्षी न्यूबेरी पदक हा बालसाहित्याचा अमेरिकी पुरस्कार मिळाला. आणि दुसरे मार्गरीट हेन्री यांचे १९४५ सालचे ‘जस्टिन मॉर्गन हॅड अ हॉर्स’. बोस्टनच्या परिसरात वाढणाऱ्या आणि घोड्यांचे विलक्षण वेड असलेल्या माझ्या मुलीला मी ही दोन्ही पुस्तके रात्री वाचून दाखवली आहेत. त्यामुळे पुढे जे लिहिले आहे ते एका घरातील अनुभवावरून लिहिले आहे, एवढे लक्षात घेऊनच ते वाचावे.

लेखन म्हणून पाहिले तर ‘जॉनी ट्रेमेन’ हे निर्विवादपणे अधिक थोर पुस्तक आहे. अमेरिकन क्रांतीच्या काळातील बोस्टनचा चांदीकारागीर पॉल रिव्हिअर आणि त्याच्या काळावर लिहिलेल्या चरित्रासाठी लेखिकेला १९४३ सालीच इतिहासाचे पुलित्झर पारितोषिक मिळाले होते, आणि तो सगळा अभ्यास या कादंबरीत मुरलेला दिसतो. धक्क्यावरचा गजबजाट, कारागिरांची घरे, शिकाऊ पोरांची आपसातली भांडणे हे सारे इतके सहज येते की आपण धडा वाचत आहोत असे मुलांना वाटत नाही. चौदा वर्षांचा जॉनी हा एका चांदीकाम करणाऱ्याकडे शिकणारा, हुशार आणि तितकाच गर्विष्ठ मुलगा आहे. जॉन हॅन्कॉक या धनाढ्य व्यापाऱ्याने मागवलेले साखरेचे भांडे वेळेत पुरे करण्यासाठी तो रविवारी, म्हणजे काम निषिद्ध असलेल्या दिवशी, भट्टी पेटवतो. तडा गेलेली मूस फुटते, वितळलेली चांदी सांडते आणि त्याचा उजवा हात कायमचा निकामी होतो. हा प्रसंग वाचताना माझी मुलगी अंथरुणात उठून बसली होती, आणि नंतर कितीतरी वेळ स्वतःचा अंगठा तळव्याला चिकटवून त्या हाताने काय काय करता येते ते बघत होती.

यानंतर घोडा येतो. एका साप्ताहिकाचे अंक बोस्टनबाहेरच्या गावांत पोहोचवण्याचे काम जॉनीला मिळते आणि त्यासाठी त्याला गॉब्लिन नावाच्या फिकट रंगाच्या, अतिशय बुजऱ्या घोड्यावर बसायला शिकावे लागते. गॉब्लिन खोडकर नाही, तो भित्रा आहे, हे जॉनीला कळते तेव्हापासून त्या दोघांचे जमते. वाऱ्यावर फडफडणाऱ्या वाळत घातलेल्या कपड्यांना हा घोडा बिचकतो, आणि एक इंग्रज अधिकारी त्याला घेऊन जाऊ पाहतो तेव्हा जॉनी नेमका याच भीतीचा उपयोग करून घोडा वाचवतो. घोड्याचा स्वभाव कथानकात असा कामी येणे फार थोड्या पुस्तकांत सापडते, हे मी मोकळेपणाने मान्य करतो.

परंतु माझी अडचण इथेच सुरू झाली. बारा प्रकरणांच्या या पुस्तकात गॉब्लिन येतो तो पाचव्या प्रकरणात. घोड्यासाठी म्हणून ऐकायला बसलेल्या मुलीला तोवर ‘येईल, येईल’ म्हणून थोपवून धरणे मला जड गेले. तो आल्यावर काही काळ सगळे सुरळीत चालले. पण पुढे राजकारण वाढत जाते, छापखान्यावरच्या माळ्यावर गुप्त बैठका भरतात, जेम्स ओटिस हा पुढारी स्वातंत्र्य कशासाठी हवे याविषयी दीर्घ भाषण करतो, आणि घोडा पानेच्या पाने दिसेनासा होतो. ते भाषण प्रौढ वाचकाला हलवून सोडणारे आहे. माझ्या शेजारून मात्र ‘गॉब्लिन आत्ता कुठे आहे?’ हा प्रश्न पुन्हा पुन्हा येत राहिला आणि त्याचे उत्तर माझ्यापाशी नव्हते. सर्वांत जास्त खटकते ती १८ एप्रिल १७७५ ची रात्र. इंग्रज सैन्य निघाल्याचा इशारा देणारी, अमेरिकेच्या इतिहासातील सर्वांत प्रसिद्ध घोडदौड त्या रात्री झाली, आणि जॉनी त्या दौडीत नाही. त्याचे काम त्याआधीचे आहे. इंग्रज सैन्यातील कर्नल स्मिथच्या घोड्याची देखभाल करणारा डव्ह मोहिमेवर न्यायचे खोगीर घासून लखलखीत करत बसला आहे, एवढ्यावरून जॉनी सैन्याच्या हालचालीचा अंदाज बांधतो. ही जागा फार सुंदर लिहिली आहे आणि इतिहासाशी प्रामाणिकही आहे, कारण प्रत्यक्षात पॉल रिव्हिअर चार्ल्सटाउनला उसना घेतलेल्या घोड्यावरून निघाला, लेक्सिंग्टनच्या पुढे पकडला गेला, घोडाही गमावून बसला आणि काँकॉर्डपर्यंत निरोप पोहोचवला तो सॅम्युएल प्रेस्कॉटने. तथापि घोड्याच्या ओढीने ऐकणाऱ्या मुलाला त्या रात्री टापांचा आवाज हवा असतो, आणि तो मिळत नाही.

मार्गरीट हेन्री यांच्या पुस्तकात ही तक्रार करायला जागाच नाही. व्हरमाँटमधील रँडॉल्फ गावचे शाळामास्तर आणि गायनशिक्षक जस्टिन मॉर्गन एक जुने येणे वसूल करायला मॅसॅच्युसेट्समध्ये जातात. पैशांऐवजी त्यांना एक दांडगे शिंगरू आणि त्याच्या जोडीला एक लहानखुरे शिंगरू मिळते. मास्तरांसोबत गेलेला त्यांचा विद्यार्थी जोएल त्या लहानग्यात जीव गुंतवतो, आणि तेव्हापासून शेवटच्या पानापर्यंत घोडा हाच कथेचा कणा राहतो. हे शिंगरू खरोखर होऊन गेले. १७८९ साली जन्मलेल्या त्या घोड्याचे नाव फिगर असे होते, त्याची उंची घोडे मोजण्याच्या ‘हँड’ या मापाने जेमतेम १४ म्हणजे सुमारे १४२ सेंटिमीटर होती, आणि आज व्हरमाँटचा राज्यप्राणी असलेली मॉर्गन ही जात त्याच्यापासूनच चालत आली. मास्तरांनी तो रॉबर्ट इव्हान्स या शेतकऱ्याला जंगल तोडून जमीन मोकळी करण्यासाठी वर्षाला १५ डॉलर भाड्याने दिला होता, हा तपशील मला विशेष बोलका वाटतो, कारण त्या काळी घोडा म्हणजे आधी मजूर होता.

ओंडका ओढण्याचा प्रसंग तर आमच्या घरी पुन्हा पुन्हा वाचला गेला. मोठमोठ्या घोड्यांना न हललेला ओंडका लाकूड कापण्याच्या गिरणीपर्यंत न्यायची पैज लागते, आणि वर तीन माणसे बसवूनही हा लहानखुरा घोडा तो ओढून नेतो. लेखिका इथे घाई करत नाही. घोडा खांदे कसे खाली घेतो, मागचे पाय कसे रोवतो, साखळी ताणली जाते तेव्हा काय होते, हे ती क्रमाने दाखवते. वेस्ली डेनिस यांची चित्रे त्याला पूरक आहेत, आणि चित्रातील घोड्याच्या मांड्यांवर बोट ठेवून माझी मुलगी ‘इथून जोर लावतो बघ’ असे मला समजावत असे.

उणिवा या पुस्तकातही आहेत. माणसे थोडक्यात रंगवलेली आहेत. चांगला माणूस फार चांगला आणि वाईट माणूस सरळच वाईट. उत्तरार्धात वर्षे भराभर उलटतात, १८१२ चे युद्ध येऊन जाते आणि राष्ट्राध्यक्ष मन्रो यांच्या प्रसंगापर्यंत कथा धावत सुटते. जोएल आणि घोडा यांच्या नात्यात कल्पनेचा वाटा मोठा आहे, तेव्हा इतिहास म्हणून हे पुस्तक कोणी हाती घेऊ नये. बोस्टनचा चहा समुद्रात का गेला, कर कोणी कोणावर लावला, हे समजायला हवे असेल तर ते फोर्ब्ज यांच्याकडेच मिळेल. तरीही मला असे वाटते की करारावर दुसऱ्याच्या घरी राबणारा मुलगा, रोख पैशांची टंचाई, घोड्यावर चालणारी सगळी शेती हे त्या नवजात देशाचे रोजचे जगणे मुलांना इथेच अधिक सोपेपणाने उमगते.

मूल बारा वर्षांच्या पुढचे असेल, स्वतः वाचणारे असेल आणि शाळेत क्रांतिकाळ शिकत असेल, तर ‘जॉनी ट्रेमेन’ अवश्य द्यावे. फक्त त्यात रॅब या लाडक्या मित्राचा मृत्यू आहे, तेव्हा शेवटच्या प्रकरणांच्या वेळी मोठ्यांपैकी कोणी जवळ असलेले बरे. आठ ते अकरा वर्षांच्या, घोड्यासाठीच पुस्तक मागणाऱ्या मुलासाठी मात्र मी तरी आधी हेन्रीच निवडेन, आणि फोर्ब्ज दोन-तीन वर्षे मागे ठेवेन. विकत घेताना वेस्ली डेनिस यांची चित्रे असलेलीच आवृत्ती पाहून घ्यावी, आणि उन्हाळ्यात व्हरमाँटकडे जाणे झाले तर वेब्रिज येथे मॉर्गन घोड्यांची जुनी पैदास-पागा आहे, तिथे जाण्याआधी ओंडक्याचे प्रकरण वाचून झालेले असावे.