बशीर वाचायला सुरुवात कुठून करावी?

मल्याळम लेखक वैकम मुहम्मद बशीर (१९०८–१९९४) यांच्या तीन लघुकादंबऱ्यांचा आर. ई. आशर आणि सहभाषांतरकाराने केलेला इंग्रजी अनुवाद (१९८०) जरूर घ्या. आधी ‘पात्तुम्माची शेळी’ वाचा. शेळी लेखकाचीच पुस्तकं फस्त करते, घरातली माणसं तिचं दूध चोरून काढतात, आणि या गमतीखाली पैशांची ओढाताण सतत चालू असते. अब्दुलखादर, हनीफा, अबू, आनुम्मा अशी लेखकाची भावंडं एकदम समोर येतात, गोंधळ उडतो. नाती कागदावर मांडून ठेवा. ‘बाल्यकालसखी’ (१९४४) एका बैठकीत संपवा, तुकड्यांत वाचली तर मजीद-सुहरा या बालपणापासूनच्या जोडीची घालमेल निसटते. तिसऱ्या, आजोबांच्या हत्तीच्या गोष्टीचं इंग्रजी शीर्षक (‘Me Grandad 'ad an Elephant!’) मात्र इंग्लंडच्या बोलीत आणलंय, ते खटकतं. केरळच्या मुस्लिम घरातला ठसका त्यात उतरत नाही.