डांगे अभ्यासायचे तर: 1924ची पत्रं की 1928चा संप?

कम्युनिस्ट नेते श्रीपाद अमृत डांगे यांच्या वारशावर लिहू पाहणाऱ्यापुढे दोन वाटा असतात. एक दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारातून जाते, दुसरी मुंबईच्या गिरणगावातून.

पहिलीची ओढ समजण्यासारखी आहे. कम्युनिस्टांवरच्या कानपूर कट खटल्यात चार वर्षांची शिक्षा झाल्यावर डांग्यांनी सुटकेच्या बदल्यात सरकारला मदत देऊ केली, असं दाखवणारी 1924ची पत्रं 1964च्या मार्चमध्ये उजेडात आली. डांग्यांनी ती बनावट ठरवली. एप्रिलमध्ये कम्युनिस्ट पक्षाच्या राष्ट्रीय परिषदेतून 32 सदस्य उठून गेले. चीन आणि काँग्रेसवरून पक्षात आधीच धुसफूस होती, पत्रांनी फुटीची ठिणगी पडली. कागद मोजके, त्यामुळे छोट्या लेखाला ही वाट सोयीची. पण तिथं एक गोष्ट सारखी खटकते. सगळा वाद सहीपाशी येऊन अडतो, आणि सही खरी की खोटी हे लिहिणाऱ्याच्या पक्षावरून आधीच ओळखता येतं. गिरणी कामगार तर त्यात कुठे दिसतच नाही.

दुसरी वाट, मुंबईतल्या गिरणी कामगारांच्या 1928च्या संपाची, वेळखाऊ आहे. मुंबईच्या कामगार कचेरीच्या 'लेबर गॅझेट'चे 1928चे अंक आधी चाळा, त्या संपाची चौकशी करणाऱ्या फॉसेट समितीचा अहवाल मग घ्या. उलट केलंत तर मजुरीच्या दरांच्या तक्त्यांत अडकाल, कारण विणकराला दोनऐवजी तीन माग सांभाळायला लावण्यावरून कामगार का पेटले हे त्या आकड्यांतून उमगत नाही.

खरी कसोटी विणाई खात्यात लागते. मागाच्या धोट्यातली सुताची कांडी संपली की नव्या कांडीचा धागा धोट्याच्या भोकातून तोंडाने ओढून घ्यायचा. या उष्ट्याचं कारण सांगून अस्पृश्य कामगारांना जास्त मजुरीच्या या खात्यापासून दूर ठेवलं जाई. डॉ. आंबेडकरांनी संपाच्या वेळीच हा प्रश्न लावून धरला. लाल बावट्याच्या, म्हणजे डांग्यांच्या कम्युनिस्ट गिरणी युनियनच्या, पुढाऱ्यांनी त्यासाठी किती रेटा लावला, यावर डांग्यांचं मोल ठरवणं मला तरी अधिक न्याय्य वाटतं.

पक्षफुटीवरच लिहायचं असेल तर पत्रांना पर्याय नाही, हे मान्य. गिरणगावातून निघालात तर मात्र 1928वर थांबू नका. 7 नोव्हेंबर 1938च्या संपात डांगे आणि आंबेडकर एकत्र होते. 1952च्या लोकसभा निवडणुकीत आंबेडकर हरले, आणि राखीव जागेची मतं 'कुजवण्याचा', म्हणजे वाया घालवण्याचा, प्रचार केल्याचा आरोप कम्युनिस्टांवर आला. 1938 आणि 1952, दोन्हींचे कागद शेजारी ठेवूनच वाचा.