एकल सादरीकरणासाठी ५४ एलईडींचा पार: घ्यावा का?

पार म्हणजे रंगमंचावर उजेड टाकणारा डब्यासारखा दिवा. स्वतःचं लेखन स्वतःच सादर करणाऱ्या प्रयोगशील कलाकारासाठी असे दोन दिवे पुरतात. पुण्यात शनिवार पेठेतल्या सुदर्शन रंगमंचासारख्या, प्रेक्षक अगदी जवळ बसतात अशा छोट्या जागेत तर भरपूरच होतात. वजन हलकं, घरगुती प्लगवर चालतात, रिक्षातून नेता येतात.

खरी अडचण हातातल्या वाचनाच्या कागदावर दिसते. लाल, हिरवे, निळे एलईडी वेगवेगळे असले की हाताच्या तीन रंगांच्या सावल्या पानावर पडतात आणि वाचताना डोळा अडखळतो. म्हणून एकाच भिंगाखाली चारही रंग असलेला, पांढऱ्यासह, मॉडेल घ्या. जुनाच असेल तर पुढे फ्रॉस्ट फिल्टर, म्हणजे उजेड पसरवणारा दुधी पडदा, लावा. उजेड थोडा कमी होतो, पण सावली एकसंध होते.

दुसरा दोष मंद फेडचा, म्हणजे उजेड हळूहळू विझवण्याचा. स्वस्त दिव्यात तेजाच्या २५६च पायऱ्या असतात, त्यामुळे शेवटच्या दहा टक्क्यांत उजेड टप्प्याटप्प्याने उडतो. संथ काळोख हवा असेल तर तिथे हॅलोजनच वापरा, एलईडीचा हट्ट नको.

जोडणी सोपी आहे. दिव्यांना हुकूम डीएमएक्स या संकेतपद्धतीने जातात आणि प्रत्येक दिव्याला सुरुवातीच्या चॅनलचा क्रमांक, म्हणजे पत्ता, द्यावा लागतो: दिवा आठ चॅनल वापरणाऱ्या मोडमध्ये असेल तर पहिल्याचा पत्ता ००१, दुसऱ्याचा ००९. माइकची केबल चालल्यासारखी वाटते, पण लांब अंतरावर दिवे लुकलुकतात. डीएमएक्स केबलच घ्या, शेवटच्या दिव्याला १२० ओहमचा टर्मिनेटर, म्हणजे केबलच्या टोकाला बसणारा रोधक, लावा.

दिव्यातल्या पंख्याचा आवाज मात्र दुकानाच्या गोंगाटात कळत नाही. शांत खोलीत अर्धा तास पूर्ण तेजावर चालवून ऐका, मगच पैसे द्या. शांततेवर उभ्या प्रयोगात ती घरघर पहिल्या रांगेपर्यंत पोचते.