गॅमिट-ग्लोबके: काही महिने वापरल्यानंतर

माउसने क्लिक करून काम उरकायची सवय असेल तर गॅमिटच्या वाटेला जाऊ नका. जीपीएसच्या नोंदींवरून स्टेशनची जागा मिलिमीटरांपर्यंत काढणारं, एमआयटीत घडलेलं हे सॉफ्टवेअर (ग्लोबके हा त्याचा जोडीदार, निघालेले निकाल एकत्र जोडतो) लिनक्सच्या टर्मिनलवर चालतं आणि कंपाईलही आपणच करायचं. विद्यापीठांना आणि संशोधनाला फुकट, पण परवाना मागून घ्यावा लागतो.

मी कोयना परिसरातल्या जीपीएस स्टेशनांचा डेटा यात घालतोय. भारतीय प्लेट वर्षाला सुमारे ५ सेंटिमीटर ईशान्येकडे सरकते. ती वजा केली की स्थानिक हालचाल उरते मिलिमीटरांत, त्यामुळे इथे सेंटिमीटरवर भागत नाही. बेंगळुरू-हैदराबादची आयजीएस (जगभरच्या कायमस्वरूपी स्टेशनांचं जाळं) स्टेशनं सोबत घेतली की आपलं जाळं जागतिक चौकटीत बसतं. आडव्या दिशेतले आकडे दिवसेंदिवस इतके जुळतात की मजा येते. उंची मात्र पावसाळ्यात छळते. एक तर हवेतली वाफ, त्यात साठलेल्या पाण्याच्या भाराने जमीन खरंच दबते. ते चढउतार बघून लगेच भूकंपाच्या गोष्टी करू नयेत.

सगळा जीव आहे 'स्टेशन डॉट इन्फो' या फाईलीत. अँटेनाचा प्रकार आणि उंची तिथे भरायची. फील्डवहीत नुसतं '१.४८२' असेल, तिरकं की सरळ मोजलं ते नसेल, तर गॅमिट मुकाट्याने गिळतं. एनआरएमएस, म्हणजे गणित डेटाशी किती जुळलं ते सांगणारा आकडा, ०.२ च्या आसपास, म्हणजे झकास! चूक सगळी उंचीत मुरते आणि हा आकडा हूं की चूं करत नाही. एका टीमच्या जुन्या वह्यांमुळे आम्हाला कित्येक दिवसांचा डेटा बाजूला ठेवावा लागला.

आवडलेली गोष्ट म्हणजे 'ऑटक्लीन'नंतर (डेटा साफ करणारा टप्पा) मिळणारे आकाशाचे नकाशे, कुठल्या दिशेचे सिग्नल खराब ते दाखवणारे. एका स्टेशनवर नैर्ऋत्येला रोज तोच गोंधळ दिसायचा. जाऊन बघितलं तर पत्र्याची शेड, सिग्नल तिच्यावर आपटून येत होते. काम अडलं की 'गॅमिट डॉट फेटल' उघडा, कुठल्या रूटीनमध्ये अडकलं ते तिथे लिहिलेलं असतं. मॅन्युअल दांडगं आहे, पण नवख्याचा हात धरत नाही.

जीपीएस आणि गॅलिलिओ (युरोपची उपग्रह यंत्रणा) एकदम चालत नाहीत. वेगवेगळं प्रोसेस करून ग्लोबकेमध्ये एकत्र करायचं, हे जरा कटकटीचंच. फायनल ऑर्बिटसाठी, म्हणजे उपग्रहांच्या पक्क्या कक्षांसाठी, दोनेक आठवडे थांबावं लागतं. घाई असेल तर लवकर मिळणाऱ्या रॅपिड कक्षांवर काढा, नंतर पुन्हा चालवा.

पाच-दहा किलोमीटरच्या सर्व्हेसाठी एवढा खटाटोप कशाला? तिथे आरटीकेलिब हे साधं सॉफ्टवेअर घ्या, विंडोजवर चालतं, तेही फुकट.