दिवाणी कोर्टाची वसुली: निकाल लागल्यानंतरचा अनुभव, ५ पैकी अडीच स्टार

हातउसने दिलेल्या पैशांचा दावा जिंकलो, हुकूमनामा हातात पडला, सगळ्यांनी अभिनंदनही केलं आणि समोरच्याने एक रुपया दिला नाही. मग कळतं की वसुलीसाठी वेगळी दरखास्त टाकावी लागते. हा रिव्ह्यू त्या दरखास्तीचा आहे, दाव्याचा नाही.

पहिलं म्हणजे कोर्ट देणेकऱ्याची मालमत्ता शोधत बसत नाही, काय जप्त करायचं ते तुम्हीच सांगायचं. आमच्या देणेकरी साहेबांचा फ्लॅट बायकोच्या नावावर, गाडी लोनवर, म्हणजे कागदोपत्री फकीर. जंगम जप्तीचं, म्हणजे घरातल्या हलवता येणाऱ्या वस्तू जप्त करायचं वॉरंट निघालं, ते बजावणारा कोर्टाचा कर्मचारी म्हणजे बेलिफ गेला, दाराला कुलूप, वॉरंट तसंच परत. आणि कुलूप नसतं तरी काय मोठं मिळणार होतं, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० मुळे नेसायचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, कारागिराची अवजारं, पीएफ यांना हात लावता येत नाही. बरोबरच आहे ते, कुणाचा तवा उचलून माझे पैसे थोडेच फिटणार.

फुल मार्क द्यायचे तर याच संहितेच्या ऑर्डर २१ रूल ४१ ला. अर्ज केला की कोर्ट देणेकऱ्याला स्वतःच्या मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र द्यायला लावू शकतं, आणि आदेश होऊनही दिलं नाही तर ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैद. वकिलाला हे सुरुवातीलाच सांगा, आमच्या वकिलांना वॉरंट परत आल्यावर आठवलं! त्या प्रतिज्ञापत्रातून नोकरी आणि एक एफडी बाहेर आली. एफडीवर जप्ती लागली, बँकेने रक्कम कोर्टात भरली. पगाराचं गणित वेगळं, पहिले १००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सोडून जे राहील तेवढंच जप्त होतं, तेही एका हुकूमनाम्यात एकूण २४ महिनेच.

'आत का टाकत नाही त्याला' असं ज्याला त्याला विचारायचं असतं. सुप्रीम कोर्टाने १९८० मध्येच सांगून ठेवलंय की नुसते पैसे नाहीत म्हणून जेल नाही, ऐपत असून मुद्दाम देत नाही हे दिसायला हवं. पैशाच्या हुकूमनाम्यात बाईला अटकच होत नाही. बरं, कैद झालीच तर त्याच्या खाण्यापिण्याचा भत्ता कोण भरणार, तर आपण! आणि सुटून आला तरी कर्ज तसंच उभं.

स्टार कापलेत ते वेळेसाठी. दरखास्त ६ महिन्यांत निकाली काढा असं सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये बजावलंय, पण आमच्या कोर्टात 'पुढची तारीख' याशिवाय काही ऐकू येत नव्हतं. त्यात हातउसन्या पैशांवर निकालानंतरचं व्याज जास्तीत जास्त वर्षाला ६ टक्के, मग समोरचा कशाला घाई करेल, बँकेच्या पर्सनल लोनपेक्षा आपणच स्वस्त पडतो त्याला.

ई-कोर्ट्सचं ॲप मात्र चांगलं आहे, १६ अक्षरी सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा स्वतंत्र नंबर) टाकला की तारीख आणि मागच्या वेळी काय झालं ते घरबसल्या दिसतं, नाझर ऑफिसच्या (कोर्टात वॉरंट-समन्सची बजावणी बघणारं ऑफिस) चकरा त्याने वाचत नाहीत ही गोष्ट वेगळी.

पैशाच्या हुकूमनाम्याला १२ वर्षांची मुदत असते, त्यामुळे पहिलं वॉरंट रिकामं परत आलं म्हणून फाइल माळ्यावर टाकू नका. आमची पगाराची जप्ती अजून चालू आहे, पूर्ण रक्कम आली तर अर्धा स्टार वाढवेन.